मुंबई दिल्लीकडे जे मागते, ते सोलापूरला कधी देणार?

सातरस्ता (धागाकर्ता)

राज्यांच्या अधिकारांचा विषय निघाला की आपली चर्चा दिल्ली आणि मुंबई या दोनच नावांभोवती फिरते. वित्त आयोगाने महाराष्ट्राला किती दिलं, जीएसटीची भरपाई कधी आली, राज्यपालांनी काय केलं. हे प्रश्न खरे आहेत आणि त्यांत मी महाराष्ट्राच्याच बाजूने आहे. पण मुंबई दिल्लीकडे जे हक्काने मागते, तेच खाली सोलापूरला द्यायची वेळ आली की काय होतं, हेही आपण विचारायला हवं.

सोलापूर महापालिकेची मुदत मार्च २०२२ मध्ये संपली. पुढचं मतदान झालं १५ जानेवारी २०२६ ला. मधली जवळजवळ चार वर्षं १०२ नगरसेवकांचं सभागृह नव्हतं. आयुक्त हेच प्रशासक. स्थायी समितीचे अधिकार त्यांच्याकडे, सर्वसाधारण सभेचेही त्यांच्याकडे. बजेट मांडणारा आणि मंजूर करणारा माणूस एकच. राज्यघटनेचं कलम २४३-यू सांगतं की मुदत पाच वर्षांची, आणि ती संपण्याआधी पुढची निवडणूक पुरी झाली पाहिजे.

आता हेच राज्याच्या बाबतीत लावून बघा. राष्ट्रपती राजवट आणली तर दोन महिन्यांत संसदेच्या दोन्ही सभागृहांची मंजुरी लागते. दर सहा महिन्यांनी ती पुन्हा घ्यावी लागते. वर्षाच्या पुढे न्यायची तर देशात किंवा त्या राज्यात आणीबाणी असावी लागते, शिवाय निवडणूक घेणं अवघड आहे असं निवडणूक आयोगाने लिहून द्यावं लागतं. आणि घटनादुरुस्तीशिवाय तीन वर्षांच्या पुढे ती जातच नाही. १९९४ च्या बोम्मई निकालानंतर न्यायालयही त्यावर लक्ष ठेवून असतं. राज्याच्या लोकशाहीला घटनेने एवढं संरक्षण दिलंय. शहराची लोकशाही मात्र चार वर्षं बंद राहिली, आणि त्यावर विधानसभेत सरकार अडचणीत आलं असं काही झालं नाही.

दुसरी गोष्ट पैशाची. पूर्वी महापालिकेला जकात होती. तिच्यावर टीका करण्यासारखं पुष्कळ होतं, नाक्यावरचे प्रकार सगळ्यांना माहीत आहेत. पण तो शहराचा स्वतःचा कर होता. मग एलबीटी (स्थानिक संस्था कर) आला, १ ऑगस्ट २०१५ पासून तो बहुतेक व्यापाऱ्यांना माफ झाला, आणि १ जुलै २०१७ ला जीएसटी आल्यावर पूर्ण गेला. तेव्हापासून राज्याकडून दरमहा भरपाई येते. केंद्राने राज्यांना पाच वर्षं दरसाल १४ टक्के वाढीची हमी दिली होती. महाराष्ट्राने स्वतःच्या कायद्यात महापालिकांना ८ टक्के वाढ धरली. चौदा घेणाऱ्याने आठ दिले. दिल्लीने हात आखडला की आपण संघराज्य आठवतो, मग इथे कुठलं तत्त्व लावायचं?

आणि अधिकारांचं काय? १८५२ साली स्थापन झालेली ही नगरपालिका. एप्रिल १९३० मध्ये इंग्रजांचं राज्य असताना तिने स्वतःच्या इमारतीवर तिरंगा लावला आणि त्याची किंमत मोजली. आज त्याच सभागृहाने बहुमताने केलेला ठराव महापालिका अधिनियमाच्या कलम ४५१ खाली मंत्रालयातून निलंबित होऊ शकतो, विखंडित म्हणजे रद्दही होऊ शकतो. आयुक्त मुंबई नेमते, मुंबईच बदली करते. महापौरपद कोणत्या प्रवर्गाला, त्याची सोडतही मंत्रालयात निघते. महापौरांकडे गाडी आहे, मान आहे, पण कार्यकारी अधिकार जवळजवळ नाहीत.

म्हणून माझं म्हणणं एवढंच. जे राज्य खाली वाटत नाही, त्याची वर मागताना बाजू कमकुवत होते. तुमची मतं लिहा. पक्षांची भांडणं कृपया इथे आणू नयेत.

वकीलपेठ

मुद्दा पटला, पण निवडणुकांबाबत चित्र अर्धं आहे. ४ मार्च २०२१ ला सर्वोच्च न्यायालयाने ओबीसी आरक्षणासाठी तिहेरी चाचणी बंधनकारक असल्याचं सांगितलं. समर्पित आयोग, त्याची आकडेवारी, आणि एकूण ५० टक्क्यांची मर्यादा. आकडेवारी नव्हती म्हणून आरक्षण अडकलं, आणि आरक्षणाशिवाय निवडणूक नको यावर सगळे पक्ष एक होते. त्या समाजाची बाजूही समजून घ्यायला हवी. ज्यांना १९९० च्या दशकात पहिल्यांदा सभागृहात जागा मिळाली, त्यांना ती सोडून निवडणूक घ्या असं कोण सांगणार होतं? पुढे त्यासाठी नेमलेल्या बांठिया आयोगाचा अहवाल आला, मग ऑगस्ट २०२२ मध्ये न्यायालयाचा 'जैसे थे' आदेश आला आणि प्रकरण तारखांमध्ये गेलं. शेवटी ६ मे २०२५ ला न्यायालयानेच निवडणुका घ्यायला सांगितलं.

तरी राज्य सरकारची जबाबदारी सुटत नाही. मार्च २०२२ मध्ये विधिमंडळाने एकमताने कायदा करून प्रभाग रचनेचे अधिकार राज्य निवडणूक आयोगाकडून सरकारकडे घेतले. मग तीन नगरसेवकांचा प्रभाग की चारचा, हे सरकार बदललं तसं बदललं. शहराचे प्रभाग कसे पडावेत हे ठरवताना शहराला कुणी विचारलंच नाही, आणि हे करताना सत्ताधारी आणि विरोधक एकत्र होते. मला हेच जास्त लागतं.

पूर्वभाग

जीएसटीचं निघालं म्हणून लिहिते. आमच्या घरी यंत्रमाग होते, आता भावाकडे टॉवेलचे थोडे माग उरलेत. १ जानेवारी २०२२ पासून कापडावरचा कर ५ चा १२ टक्के होणार होता. डिसेंबरभर पूर्व भागात, म्हणजे शहरातल्या मागांच्या वस्तीत, दुसरं बोलणं नव्हतं. ३१ डिसेंबरला जीएसटी परिषदेची बैठक झाली आणि वाढ पुढे ढकलली. गुजरात, तमिळनाडू, बंगाल अशा राज्यांनी एका सुरात विरोध केला म्हणून ती थांबली.

त्या परिषदेत केंद्राच्या मताचं वजन एक तृतीयांश, सगळ्या राज्यांचं मिळून दोन तृतीयांश, आणि निर्णयाला तीन चतुर्थांश लागतात. म्हणजे केंद्र नको म्हणालं तर काहीच होत नाही. राज्यांमध्ये मोठं-लहान नाही, महाराष्ट्राचं मत गोव्याएवढंच. पण सोलापूरचा टॉवेल, इचलकरंजीचं कापड, मालेगावची साडी, भिवंडीचा ग्रे (कोरं कापड), या सगळ्यांच्या अडचणी वेगळ्या असताना तिथे बोलतो एकटा राज्याचा मंत्री. बैठकीआधी राज्याने माग असलेल्या शहरांच्या महापालिकांना बोलावून विचारायची पद्धत ठेवली तर काय बिघडेल? त्याला घटनादुरुस्ती लागत नाही.

विड्यांचंही सांगते. १९७६ च्या कायद्याने विड्यांवर उपकर होता, त्यातून कामगारांचे दवाखाने, पोरांच्या शिष्यवृत्त्या चालायच्या. जीएसटीसाठी २०१७ मध्ये तो उपकर रद्द केला. योजना राहिल्या, पण हक्काचा पैसा गेला. आता केंद्राच्या बजेटमध्ये जे येईल ते. माझ्या आईसारख्या बायका ज्या दवाखान्याच्या रांगेत उभ्या राहतात, तो कुणाच्या पैशावर चालतो हे दिल्लीत एका रात्रीत बदललं आणि सोलापुरात कुणाला कळलंही नाही.

माजी विस्तार अधिकारी

धागा चांगला निघालाय. शहरावर लिहिलंत, जिल्हा परिषदेवर मी लिहितो. आयुष्य तिथेच गेलं.

१ मे १९६२ ला महाराष्ट्रात जिल्हा परिषदा सुरू झाल्या. वसंतराव नाईक समितीने अशी रचना सुचवली की देशात तिची वाखाणणी व्हायची. शाळा, दवाखाने, पाझर तलाव, रस्ते, शेतीच्या योजना, सगळं जिल्हा परिषदेकडे. अध्यक्षाला वजन होतं. कितीतरी मंत्री त्या खुर्चीतूनच तयार झाले. मग तेच मंत्री मुंबईला गेले आणि एकेक गोष्ट वर ओढून घेतली. हे मी रागाने लिहीत नाही, डोळ्यांदेखत झालंय.

शिक्षक भरती आता पवित्र पोर्टलवर, राज्यातून. शिक्षकांच्या बदल्या ऑनलाइन, राज्यातून. वशिला कमी झाला हे मान्य, पण कुठल्या वस्तीशाळेला कन्नड येणारा मास्तर लागतो हे संगणकाला कसं कळणार? कामांचंही तसंच. गावातले रस्ते, सभामंडप, गटारी यांसाठी '२५१५' हे राज्याच्या बजेटमधलं लेखाशीर्ष. तो पैसा ग्रामविकास खात्यातून आमदारांच्या शिफारशीवर मंजूर होऊन येतो. सरपंचाला गावचं गटार करायचं तर आमदाराचं पत्र घेऊन मुंबईला फेऱ्या. जिल्हा परिषदेच्या सदस्याकडे कुणी जात नाही, कारण त्याच्याकडे सेस फंडाच्या, म्हणजे जिल्हा परिषदेच्या स्वतःच्या निधीच्या, थोड्या रकमेपलीकडे काही उरलेलं नाही.

आता जिल्हा नियोजन समिती. यावर लोक फार कमी बोलतात म्हणून जरा सविस्तर लिहितो. घटनेचं कलम २४३-झेडडी म्हणतं की या समितीचे किमान चार पंचमांश सदस्य जिल्हा परिषद आणि नगरपालिकांच्या निवडून आलेल्या सदस्यांनी आपल्यातून निवडायचे. कल्पना अशी की गाव आणि शहर एकत्र बसून जिल्ह्याचा आराखडा करतील. आपल्या १९९८ च्या कायद्याने अध्यक्षपद पालकमंत्र्यांना दिलं. मार्च २०२२ नंतर जिल्हा परिषद नाही, महापालिका नाही, मग चार पंचमांश आणायचे कुठून? समितीच्या बैठका तर होत राहिल्या. पालकमंत्री, आमदार, खासदार आणि अधिकारी. कोट्यवधींची कामं त्यांनीच वाटली. ज्यांच्यासाठी घटनेने समिती केली ते बाहेर, आणि ज्यांच्या हातून अधिकार काढून खाली द्यायचे होते ते आत.

पालकमंत्री जिल्ह्याचाच असेल असंही नाही. २०२१ मध्ये उजनी धरणातून ५ टीएमसी पाणी इंदापूरकडे द्यायचा निर्णय झाला तेव्हा सोलापूरचे पालकमंत्री इंदापूरचेच आमदार होते. मी हेतूवर बोट ठेवत नाही. स्वतःच्या मतदारसंघाचं बघणं हे आमदाराचं कामच आहे. पण एका माणसाला या दोन खुर्च्यांवर बसवणारी पद्धत चुकीची आहे. जिल्हा पेटला, मे महिन्यात निर्णय रद्द झाला. बैठकीत सुटायचा प्रश्न रस्त्यावर सुटला.

भीमाकाठ

साहेबांनी उजनीचं लिहिलं, बरोबर आहे. आमच्यासाठी तर सरकार म्हणजे तीन ठिकाणी तोडलेलं गाडं. ऊस लावायचा आम्ही, एफआरपी म्हणजे उसाचा किमान दर ठरवणार दिल्ली (२०२५-२६ च्या हंगामाला १०.२५ टक्के साखर उताऱ्याला टनाला ३,५५० रुपये), साखरेचा किमान विक्री दर ३१ रुपये किलोवर २०१९ पासून धरून ठेवणार दिल्ली, गाळप कधी सुरू करायचं ते ठरवणार मुंबई, आणि पाण्याची पाळी ठरवणार कालवा सल्लागार समिती. बिल थकलं तर कारखाना दिल्लीकडे बोट दाखवतो, दिल्ली साखर आयुक्तांकडे. जिल्ह्यात राज्यातले सगळ्यात जास्त कारखाने, आणि या जिल्ह्यात बसून उसाबद्दल एकही मोठा निर्णय होत नाही.

कांद्याचं तर विचारूच नका. फेब्रुवारी २०२३ मध्ये सोलापूर बाजार समितीत एका शेतकऱ्याला ५१२ किलो कांद्याचे खर्च वजा जाता २ रुपये हातात आले, अख्ख्या देशाने ते वाचलं. राज्याने मग क्विंटलला ३५० रुपये अनुदान दिलं. त्याच वर्षी ८ डिसेंबरला केंद्राने निर्यातबंदी केली. आपल्या यार्डात आवक चढायला लागते ते दिवस! मे २०२४ पर्यंत बंदी उठली नाही. शेती राज्याच्या सूचीत, परदेशी व्यापार केंद्राच्या सूचीत. भाव पडला की भरपाई राज्याने द्यायची, आणि भाव पाडणारा निर्णय केंद्राने घ्यायचा. निदान निर्यातबंदीआधी कांदा पिकवणाऱ्या राज्यांना विचारलंच पाहिजे, असं लेखी बंधन हवं. आणि बंदी केली तर नुकसानीचा वाटा केंद्राने उचलावा.

अक्कलकोट सीमा

आमच्या घरात कन्नड, शाळा कन्नड, सातबारा मराठीत. नोव्हेंबर २०२२ मध्ये कर्नाटकच्या मुख्यमंत्र्यांनी सोलापूर-अक्कलकोटवर दावा सांगितला तेव्हा टीव्हीवाले आमच्याकडे आले. (वर ज्या बोम्मई निकालाचा उल्लेख आहे, त्यातले एस. आर. बोम्मई हे या मुख्यमंत्र्यांचे वडील.) तालुक्यातल्या काही गावांनी 'आम्हाला कर्नाटकात जाऊ द्या' म्हणून ठराव केले. राज्यभर लोक भडकले. ठराव करणाऱ्यांना नोटिसा आल्या.

पण ठरावात लिहिलं काय होतं ते वाचा. रस्ता नाही, पाणी नाही, एसटी येत नाही. भाषेचं दुखणं आमच्याकडे रोजच्या जगण्यात फारसं नाही. सीमावादावरच्या १९६७ च्या महाजन आयोगाच्या अहवालाने अक्कलकोट आणि दक्षिण सोलापूर, जतमधली काही गावं कर्नाटकला द्यायला सांगितलं, महाराष्ट्राने ते नाकारलं. २००४ पासून सीमेचा दावा सर्वोच्च न्यायालयात आहे. एवढ्या काळात आमच्या गावाचा रस्ता कुणाच्याही यादीत वर आला नाही.

पलीकडचे अफजलपूर, आळंद हे तालुके कलबुर्गी जिल्ह्यातले. त्यांना २०१२ च्या घटनादुरुस्तीने कलम ३७१-जे मिळालं. विकास मंडळ, नोकऱ्यांत आणि शिक्षणात राखीव जागा. आपल्याकडे ३७१(२) खाली तीन विकास मंडळं होती: विदर्भ, मराठवाडा आणि 'उर्वरित महाराष्ट्र'. सोलापूर जिल्हा त्या उर्वरितमध्ये, मुंबई-पुण्याच्या सोबत! त्या सरासरीत मंगळवेढ्याची कोरडी गावं कुठे दिसणार? एप्रिल २०२० मध्ये त्या मंडळांचीही मुदत संपली.

कर्नाटकचं सगळं छान आहे असं नाही. पण रामकृष्ण हेगडे मुख्यमंत्री असताना त्यांचे मंत्री नझीरसाब यांनी तिथे जिल्हा परिषदांना जे बळ दिलं, पाण्याच्या बोअर गावोगावी नेल्या, ते आमच्या पाहुण्यांकडची म्हातारी माणसं अजून बोलून दाखवतात. लोक त्यांना 'नीरसाब', म्हणजे पाणीवाले साहेब, म्हणायचे.

बुधवारपेठ

इतका वेळ वाचत होतो. सगळ्यांचा सूर 'खाली द्या' असा आहे. मला यात भीती वाटते, ती स्पष्ट लिहितो.

४ नोव्हेंबर १९४८ ला बाबासाहेबांनी घटना समितीत सांगितलं की मसुद्याने गाव हा घटक न धरता व्यक्ती हा घटक धरला याचा त्यांना आनंद आहे. गावगाडा म्हणजे काय हे त्यांना माहीत होतं. आजही सत्ता खाली गेली म्हणजे ती कुणाच्या हातात जाते? ठेकेदाराच्या, मोठ्या वाड्याच्या, ज्या समाजाची मतं जास्त त्यांच्या. आमच्या माणसाला न्याय मिळाला तो बहुतेक वेळा लांबून. ॲट्रॉसिटी कायदा दिल्लीचा, शिष्यवृत्ती दिल्लीची. कुंभारीजवळ रे नगरला कामगारांची घरं झाली ती कामगार नेते आडम मास्तरांच्या लढ्यामुळे, पण पैसा केंद्राचा आणि राज्याचा होता. महापालिकेच्या ताकदीवर एवढी घरं कधी झाली असती का?

सातरस्ता

बुधवारपेठ, तुमचा प्रतिसाद सगळ्यात जड आहे. मी त्याला टाळून पुढे जाणार नाही.

हक्क वरूनच आले पाहिजेत, हे मी मानतो. ७३ व्या आणि ७४ व्या घटनादुरुस्तीनेच अनुसूचित जाती-जमातींना आणि महिलांना सभागृहात जागा दिल्या. पुढे २०११ मध्ये महाराष्ट्राने महिलांसाठी निम्म्या जागा केल्या. हे गावावर किंवा शहरावर सोडलं असतं तर झालं नसतं. पण तुम्ही म्हणता तो ठेकेदार मुंबईहून चालणाऱ्या कारभारातही आहेच. '२५१५' चं काम कुणाला मिळतं ते माजी विस्तार अधिकारी सांगतील. फरक एवढा की काम वाईट झालं तर गावाला जाब विचारायला माणूस सापडत नाही.

स्मार्ट सिटीचंच बघा. जानेवारी २०१६ मध्ये पहिल्या २० शहरांत आपण आलो. केंद्राने अट घातली की काम महापालिकेने नाही, वेगळ्या कंपनीने करायचं. सोलापूर सिटी डेव्हलपमेंट कॉर्पोरेशन स्थापन झालं. उजनीच्या समांतर जलवाहिनीसारखं शहराचं सगळ्यात महत्त्वाचं कामही तिच्याकडे गेलं, त्यात एनटीपीसी या वीज कंपनीचाही पैसा होता. निविदा, वाद, विलंब, सगळं कंपनीच्या संचालक मंडळात. सभागृहात नगरसेवक प्रश्न विचारायचे तेव्हा उत्तर एकच, विषय कंपनीचा आहे. मार्च २०२५ मध्ये मिशन संपलं. आता रस्ते, दिवे, उद्यानं यांची देखभाल महापालिकेच्या गळ्यात. निर्णयाच्या वेळी शहर बाहेर आणि खर्चाच्या वेळी शहर पुढे. केंद्राने हे केलं आणि राज्यानेही काही म्हटलं नाही, कारण कंपनीवर अधिकारी राज्याचेच होते.

वकीलपेठ

दोघांच्या मधली वाट केरळने काढून दाखवलीय. १९९६ मध्ये लोकयोजना सुरू करताना त्यांनी राज्याच्या योजना खर्चाचा ३५ ते ४० टक्के भाग स्थानिक संस्थांना दिला. महत्त्वाचं म्हणजे बजेटला जोडलेल्या स्वतंत्र परिशिष्टात प्रत्येक पंचायतीचा आणि नगरपालिकेचा आकडा छापला. मंत्री बदलला तरी आकडा आमदाराच्या पत्रावर हलत नाही. आणि त्यातच अनुसूचित जाती-जमातींसाठीचा निधी वेगळा दाखवलेला असतो, म्हणजे बुधवारपेठ यांच्या शंकेचंही थोडं उत्तर त्यात आहे. महाराष्ट्राने हे करायला दिल्लीची परवानगी लागत नाही.

माजी विस्तार अधिकारी

वकीलसाहेब, हे छापून घेणं सगळ्यात आधी. आपल्याकडे आत्ता हातात काय येऊ शकतं तेवढं सांगतो. जिल्हा नियोजनच्या मंजूर कामांची यादी नियोजन अधिकाऱ्यांच्या कार्यालयात असते. '३०५४' आणि '५०५४' रस्त्यांची, '२५१५' मूलभूत सुविधांची. माहितीच्या अधिकारात तीन गोष्टी मागा: कामाचं नाव, गाव, आणि शिफारस कुणाची. २०२२ ते २०२६ या चार वर्षांच्या मागा. महापालिकेकडे त्याच काळातले प्रशासकांचे ठराव मागा, ते क्रमांकाने लावलेले असतात. नवीन नगरसेवकांच्या हातात हे दिलं तर पहिल्या वर्षात विचारायला त्यांच्याकडे काहीतरी असेल.

पूर्वभाग

मी पूर्व भागातल्या प्रभागांचे अर्ज करते. वस्तीतल्या दोन मुली संगणकावर यादी भरून द्यायला तयार आहेत.

बुधवारपेठ

मग त्या यादीत एक रकाना माझ्याकडून वाढवा. दलित वस्ती सुधारचा पैसा ज्या कामावर टाकला, ते काम खरंच वस्तीत झालं का वस्तीच्या बाहेरच्या रस्त्यावर. जागेवर जाऊन बघायचं काम आम्ही पोरं करतो, उत्तर सोलापूरपासून सुरू करू. तेवढं झालं की तुमच्या 'खाली द्या'वर पुन्हा बोलू.